अक्का, फिल्टर कल्हईला दिलेला नव्हता

अक्का, तू गेलीस म्हणून मी हरले, असं समजू नकोस. भांडण अर्धवट टाकून उठून जायची तुझी सवय जुनीच. पूर्वी निदान पदर झटकून "मज वेळ नाही" म्हणायचीस. या वेळी तेवढंही केलं नाहीस.

तुझा तेरावा परवा झाला. भाड्याची पातेली परत गेली, मांडववाला बांबू सोडून घेऊन गेला. पानं मांडायच्या आधी एकेकजण तुझ्याबद्दल बोलला. तू शिकवायचीस त्या शाळेतल्या बाई म्हणाल्या, तुझ्या वर्गात टाचणी पडली तरी ऐकू यायची. तुझा दीर म्हणाला, वहिनी कधी खोटं बोलल्या नाहीत. त्या वाक्याला मला ठसका लागला. शेजारच्या बाईनं पाणी आणून दिलं आणि पाठीवरून हात फिरवला. सगळ्यांना वाटलं, धाकटीला दुःख आवरेना. मला फक्त एवढंच म्हणायचं होतं की दिरानं ते वाक्य मागे घ्यावं. पण आमटी गार होत होती.

तर आता इथं बोलते. मध्ये बोलायला तू नाहीस. त्याचा फायदा घेणार आहे.

मी नऊ वर्षांची होते, तू चौदाची. आई घर सोडून इन्नंबूरला, आपल्या आजोळी गेली. कोपऱ्यावर तिनं बस धरली, आपण दोघी बस वळेपर्यंत उभ्या होतो. इथवर आपलं एकमत. यापुढं एकाही गोष्टीवर नाही.

तुझी गोष्ट अशी: आईला कावीळ झाली. घरात पथ्यपाणी कोण करणार, म्हणून अप्पांनीच तिला माहेरी पाठवलं. पंधरा दिवसांत बरी होऊन ती परत आली.

माझी गोष्ट अशी: अप्पांच्या कचेरीतले दोघे घरी आले होते. आईनं कॉफी आणली. अप्पांनी एक घोट घेतला, उठले, आणि टंबलर त्या दोघांच्या देखत अंगणातल्या मोरीत रिकामा केला. "हे भांडी विसळल्याचं पाणी कोणास आणलंस?" म्हणाले. पाहुणे हसले. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं कॉफीचा पितळी फिल्टर जुन्या लुगड्याच्या फडक्यात गुंडाळला, पिशवीत घातला आणि ती गेली. तेव्हा शेतांत भाताची लावणी चालली होती. परत आली तेव्हा शेतं पिवळी झाली होती.

माझा सगळा दावा त्या फिल्टरवर उभा होता. कावीळ झालेल्या बाईला कॉफीचा वाससुद्धा सोसत नाही. ती फिल्टर घेऊन कशाला जाईल? आणि फिल्टर घरात नव्हता हे तूही नाकारू शकत नव्हतीस, कारण आई नव्हती तोवर तू पातेल्यात पूड उकळून फडक्यानं गाळून अप्पांना कॉफी द्यायचीस आणि ते ती मुकाट पीत. त्यावर तुझं उत्तर ठरलेलं: "फिल्टर कल्हईला दिला होता गं. तू नऊ वर्षांची. तुज काय ठाऊक?"

कल्हईला! या गावात प्रत्येक गल्लीत पितळेचं काम करणारा बसलाय. लावणीला दिलेला फिल्टर कापणीला परत देणारा कल्हईवाला मला दाखव म्हटलं, की तू म्हणायचीस, पंधराच दिवस होते.

ज्याला आपलं घर ठाऊक नाही त्याला हे एका फिल्टरवरून चाललेलं बायकी भांडण वाटेल. पण तमिळ मुलखातल्या आपल्या मराठी घरात पहिलं डिकॉक्शन, म्हणजे फिल्टरमधून उतरलेलं कडक कॉफीचं पाणी, अप्पांचं असायचं. त्याच पुडीवर पुन्हा पाणी ओतून उतरलेलं दुसरं, पाहुण्यांचं. तिसऱ्यांदा जे उतरायचं, रंग दाखवलेलं पाणी, ते आईचं. परत आल्यावर मात्र ती रोज सकाळी पहिलं डिकॉक्शन आधी स्वतःला घ्यायची, उभ्यानंच प्यायची, आणि मग अप्पांचा टंबलर भरायची. अप्पा एक शब्द बोलले नाहीत. हेही तू नाकारलं नाहीस. तू म्हणालीस, काविळीनंतर वैद्यानं सांगितलं होतं.

अक्का, काविळीवर कडक कॉफी सांगणारा वैद्य! शाळेतल्या एखाद्या पोरीनं असं उत्तर लिहिलं असतं तर तू वही भिरकावली असतीस.

माझ्या नळ-पाइपांच्या दुकानात अशी भांडणं रोज येतात. वरच्या मजल्यावरचा सांगतो, थेंब थेंब गळतंय. खालच्या मजल्यावरचा सांगतो, छत कोसळायला आलंय. दोघंही खरंच सांगत असतात. जो तो आपल्या मजल्यावरून बघतो. मी दोघांचं ऐकून घेते आणि मग एवढंच विचारते, पाइप कुठे फुटलाय? तुझ्या गोष्टीत पाइप कधी फुटतच नव्हता. नुसती ओल होती, ती आपोआप वाळली.

तुझे अप्पा वेगळे होते, हे मला मान्य आहे. महामहम तळ्याभोवती तुझ्या सायकलची सीट धरून ते धावले. माझी पाळी आली तेव्हा त्यांचे गुडघे दुखू लागले होते. मी एकटीच शिकले आणि तळ्याच्या पायऱ्यांवर आपटून दात पाडून घेतला. माणूस एकच, पण तुला धावणारा मिळाला, मला बसलेला. सायकलमागं धावणाऱ्या माणसानं मोरीत कॉफी ओतली, हे तुझ्या डोक्यात मावलं नसेल. माझ्या डोक्यात सहज मावलं. ते खरं होतं म्हणून, की माझा दात पडला होता म्हणून? घे, तुझ्या बाजूचा मुद्दाही मीच मांडला. यापुढं स्वतःचे मुद्दे स्वतः मांडायला तू नाहीस, तर हेही काम माझ्याच गळ्यात.

शेवटी इस्पितळातसुद्धा आपण सोडलं नाही. तू उशीला टेकून बसली होतीस, मी संत्रं सोलत होते.

"अजून कावीळच का?" मी विचारलं.

"अजून फिल्टरच का?" तू म्हणालीस.

"मरायला टेकलीस, आता तरी खरं सांग."

"मरायला टेकले म्हणून तुझं ऐकू? त्यापेक्षा एक फोड दे."

आपल्या मराठीतला कावीळ एवढा शब्द नर्सला कळला असावा, कारण ती घाईनं आत आली आणि तमिळमध्ये विचारू लागली, कावीळ कोणाला, डॉक्टरांना का नाही सांगितलं? तू हसलीस. हसताना तुला दुखत होतं. मला ते हसणं आठवतं आणि माझा तुझ्यावरचा राग कमी होत नाही. दोन्ही एका वेळी असू शकतं.

राग का, ते आता सांगते. हा राग त्या जुन्या गोष्टीचा नाही. मीराचा आहे.

तुझी लेक चेन्नईहून आली ती दोन मोठ्या सुटकेसा घेऊन. आईला बघायला आलेली मुलगी पांघरुणं, लग्नातल्या साड्या आणि कुकर घेऊन येत नाही. तू मला काही सांगितलं नाहीस, मीही विचारलं नाही. पण दारात जो येईल त्याला तू सांगत होतीस: "मज बरं नाही ना, म्हणून मीरा शुश्रूषेस आली." तेव्हा तुला काहीही झालं नव्हतं. तू जिन्यावरून धडधड उतरत होतीस, भाजीवाल्याशी अर्धा तास घासाघीस करत होतीस. लोक आले की तेवढ्यापुरता गुडघा धरायचीस. मग आजार खरंच आला, बोलावल्यासारखा. आणि मीराला कोणी काही विचारायचं कारणच उरलं नाही.

परवा ते कारण संपलं.

तेराव्याची पंगत उठली आणि तुझी नणंद, मीराची आत्या, हात पुसत स्वयंपाकघरात आली. "मीरे, आता किती दिवस इथे? जावई तेथे एकटे. आईचं सगळं नीट जाहलं, आता आपल्या घरी जावं." मीरा मान खाली घालून पातेलं घासत राहिली. भाड्याचं पातेलं. ते परत न्यायला माणूस येणार होता, घासायची काही गरज नव्हती.

रात्री तिनं मला विचारलं, "मावशी, आपल्या घरात असं कोणी केलं नाही ना?"

"असं म्हणजे कसं?"

"म्हणजे, निघून येणं. आई म्हणायची, आपल्या घरातल्या बायका सोसतात पण घर मोडत नाहीत. मीच पहिली ना?"

अक्का, तू समोर असतीस तर मी तुला सोलून काढलं असतं. तुझ्या काविळीनं काय केलं बघ. तिची आजी तिच्यापासून काढून घेतलीस. ज्या बाईनं फिल्टर उचलला ती नाहीशी करून तिथं एक पिवळ्या डोळ्यांची, पथ्याचा भात खाणारी बाई बसवलीस. आणि तुझी लेक आपल्याच आईच्या घरात, आपणच पहिली वाया गेलेली, असं मानून पातेली घासत बसली.

मी मीराला तेव्हाच सांगणार होते. पण माझ्याजवळ तरी काय होतं? नऊ वर्षांच्या मुलीनं बघितलेलं एक फडकं. समोर तू, सगळ्या गावाला शिकवणारी बाई, कधी खोटं न बोललेली. मी म्हटलं, "उद्या सांगते," आणि झोपायला गेले. झोप लागली. मला लागते.

काल सकाळी विशालम मामी आल्या. आपल्या जुन्या गल्लीतल्या, भिंतीला भिंत लागून राहणाऱ्या. आता पुष्कळ वय झालंय, मुलाकडे साक्कोट्टैला असतात. तेराव्याला रिक्षा मिळाली नाही म्हणून एक दिवस उशिरा आल्या. बसल्या, तुझ्या फोटोकडे बघितलं, नाक पुसलं आणि तमिळमध्ये म्हणाल्या, "काय पोरगी होती! दारात उभी राहायची, दोन्ही हात चौकटीच्या दोन बाजूंना लावून. मी विचारायचे, अम्मा कुठे? तर म्हणायची, कावीळ आहे मामी, आत येऊ नका, तुम्हाला होईल."

मी म्हटलं, "म्हणजे कावीळ होती?"

"कसली कावीळ! आदल्या संध्याकाळी तुझ्या बापानं कॉफी ओतली ती भिंतीपलीकडून मी ऐकली नाही का? आम्हाला सगळ्यांना ठाऊक होतं. पण एवढीशी पोर, ओठ थरथरताहेत आणि कावीळ कावीळ म्हणतेय. मी काय करणार? मीही सासूला जाऊन सांगितलं, कावीळ. सासूनं कोपऱ्यावरच्या घरात सांगितलं, कावीळ. सगळी गल्ली कावीळ म्हणू लागली. तुझी आई परत आली तेव्हा कोणी विचारलं का, का गेलीस, कशी आलीस? सगळ्या म्हणाल्या, आता तब्येत कशी आहे? तीही म्हणाली, बरी आहे."

मीरा दाराला टेकून ऐकत होती. मी तिच्याकडे बघितलं नाही. मला दुसरी घाई होती.

"मामी, आई फिल्टर घेऊन गेली ना? फडक्यात गुंडाळून?"

"फिल्टर?" मामी म्हणाल्या. "फिल्टर माझ्याकडे होता. भल्या सकाळी परसदारानं येऊन माझ्या हातात दिला. म्हणाली, मामी, हा तुमच्याकडे ठेवा. मी येईस्तोवर त्या घरात कोणाला चांगली कॉफी मिळता कामा नये." मामी तोंडाला पदर लावून हसल्या. "मी त्यात रोज आमची कॉफी केली. खरं सांगू? तुमचा फिल्टर आमच्याहून बरा होता. परत देताना जिवावर आलं."

अक्का, मी एवढ्या मोठ्यानं हसले की तुझ्या फोटोपुढचा दिवा हलला. दुःखाच्या घरात. कावीळ पडली! पण माझा साक्षीदारही पडला. फिल्टर इन्नंबूरला गेलाच नव्हता. भिंतीपलीकडं, आपल्या डोक्यापासून हातभर अंतरावर होता. मी आजही डोळे मिटले की आईच्या पिशवीत फडक्यातून पितळ चमकताना दिसतं. ते काय होतं? तांब्या असेल. काहीच नसेल. आई रिकाम्या हातानं गेली, हे मला नको असेल. मी शपथेवर सांगितलं असतं, आणि ती शपथ खोटी ठरली असती.

"आणि मग जटक्यात बसून गेली," मामी म्हणाल्या.

"बसनं, मामी."

"जटका होता. घोडा पांढरा. एक कान फाटलेला."

"बस होती. मी आणि अक्का कोपऱ्यावर उभ्या होतो."

"तू लहान होतीस," मामी म्हणाल्या. "तुला काय आठवणार?"

मीरा हसली. घरी आल्यापासून मी तिला पहिल्यांदाच हसताना बघितलं.

मामी गेल्यावर मी बराच वेळ पाट-ताटं उगाच इकडची तिकडं केली. मला तुझे हात दिसत होते, चौकटीच्या दोन बाजूंना लावलेले. मी तेव्हा कुठे होते? परसात, गोट्या खेळत. दाराशी कोण येतं, काय विचारतं, मला कधी कळलंच नाही, कारण तू मला दाराशी येऊच दिलं नाहीस. माझ्या वेण्या इतक्या घट्ट घालायचीस की भुवया वर जायच्या. मला वाटायचं दुष्टपणा करतेस. आता वाटतं, शाळेत कोणी म्हणू नये, हिची आई घरी नाही, केस बघा. आई परत आली ती तू उघडं ठेवलेल्या दारातून आली. आजारी बाईलाच तसं परत येता येत होतं. रुसून गेलेल्या बाईला उंबऱ्यावर पन्नास प्रश्न असतात. हे मी आजवर बघितलं नव्हतं. बघितल्यावर बघितलं म्हणते. उगाच गळे काढत नाही.

तुला ठाऊक होतं, आणि तू शेवटपर्यंत खोटं बोललीस? की इतक्या वेळा कावीळ म्हणालीस की तुला आईचे डोळे खरंच पिवळे दिसू लागले? फडक्यातलं पितळ मला दिसतं, तसे? हे मला तुझ्याकडूनच हवं होतं. संत्र्याच्या फोडीवर भागवलंस.

पण कौतुक इथं संपलं. ते दार आईसाठी होतं. आई परत आली, म्हातारी झाली, गेली. अप्पा गेले. मग तू कोणासाठी चौकट धरून उभी होतीस? अप्पांसाठी? गल्लीसाठी? ती गल्लीसुद्धा आता उरली नाही, आपल्या घराच्या जागी मोबाइलचं दुकान आहे. आणि मीरासाठी तू तेच दार पुन्हा धरलंस, तुझ्या बुद्धीनं प्रेमानंच धरलंस, पण तिला आत कोंडून. चौदाव्या वर्षी दुसरं काही सुचलं नसेल. सत्तरीच्या जवळ आलेल्या बाईला सुचायला हवं होतं.

म्हणून मी सांगणार. तुझी परवानगी मागत नाही. जो विचारेल त्याला सांगेन, न विचारणाऱ्यालाही सांगेन: आमची आई कॉफीवरून घर सोडून गेली, आणि पहिलं डिकॉक्शन स्वतःचं करून परत आली. तू दारात उभी होतीस, तेही सांगेन. दोन्ही हातांसकट.

आज सकाळी मी कॉफी टाकली. आईच्याच फिल्टरमध्ये, तो तुझ्याकडे होता, तू जन्मभर वापरलास आणि मला कल्हईच्या गोष्टी सांगितल्यास. डिकॉक्शन उतरत होतं तोच मीराची आत्या निघायच्या तयारीनं पिशवी घेऊन आली. नेहमीप्रमाणे पहिला टंबलर मोठ्या माणसाला म्हणून मी तो तिच्यासाठी काढणार, तोच मीरानं हात पुढे केला, पहिलं डिकॉक्शन आपल्या टंबलरमध्ये ओतलं, दूध घातलं आणि उभ्यानंच घोट घेतला.

आत्यानं पिशवी सावरली. मग म्हणाली, "बरं, मी निघते. तेथे कोणी विचारलं तर काय सांगू? आईचं दुःख आहे, आणखी थोडे दिवस राहील, असं सांगू?"

माझं तोंड उघडलं होतं. मीरानं मला हातानं थांबवलं.

"सांगा, ती निघून आली. आजीसारखी."

"आजी? अगो, तुझ्या आजीस तर कावीळ जाहली होती."

"कावीळ नव्हती, आत्या. कॉफी होती. बसा, सांगते."

आत्या बसली. पिशवी मांडीवर तशीच. मी तिला दुसरं डिकॉक्शन दिलं आणि मीरानं सगळी गोष्ट सांगितली. मोरी सांगितली, पाहुणे सांगितले, भिंतीपलीकडचा फिल्टर सांगितला. तुझं दार सांगताना मध्येच थांबली, घोट घेतला, पुढं सांगितलं. चांगली सांगितली, अक्का. तुझ्यासारखी, प्रत्येक शब्द फळ्यावर लिहिल्यासारखा. आणि शेवटी म्हणाली, "मग आजी जटक्यात बसून इन्नंबूरला गेली. पांढरा घोडा होता, एक कान फाटलेला."

मी म्हटलं, "बस होती."

"मामी म्हणाल्या जटका."

"मी तिथं होते, मीरा."

"तू नऊ वर्षांची होतीस, मावशी."

आत्यानंही मान हलवली. तिलाही घोडाच आवडला. मी वळून तुझ्या फोटोकडे बघितलं. कोपऱ्यावर माझा हात धरून तू उभी होतीस, बस वळली, धूर नाकात गेला, तू शिंकलीस. जन्मभरात या एका गोष्टीवर तू माझ्या बाजूनं होतीस. आता ते म्हणणारी मी एकटीच उरले.

तरी म्हणणार. बसच होती.